तुम्ही विचारलंत म्हणून: जपानबद्दल मी कायम असलंच का वाचते

"एवढं जपानी येतं तुला, एवढी पुस्तकं जमवलीस, मग सगळी अशी रडकीच का गं?" हे मला मावशीपासून ते माझ्याकडे जपानीच्या एन-फोर परीक्षेच्या तयारीला येणाऱ्या पोरांपर्यंत सगळ्यांनी विचारून झालंय. कपाटात मिनामाता गावातली पाऱ्याची विषबाधा, बुराकु म्हणजे तिथल्या अस्पृश्य मानलेल्यांच्या वस्त्या, कुष्ठरोग्यांचं बेट, आणि युद्ध तर आहेच. विचारणाऱ्याने स्वतः बहुतेक वेळा 'इकिगाई', म्हणजे 'जगण्याचं कारण', हे पुस्तक नुकतंच वाचलेलं असतं आणि त्यात किती छान छान आहे हे त्याला मला सांगायचं असतं. दर वेळी मी विषय बदलते, पण आता एकदा नीट लिहूनच टाकते.

आधी एक गोष्ट. मला जपान आवडत नाही म्हणून मी हे वाचते असं ज्यांना वाटतं त्यांनी ते डोक्यातून काढून टाका. दुभाषी आहे मी, माझं घर त्या भाषेवर चालतं. आणि ज्या 'तोत्तोचान'मुळे आपल्यातल्या निम्म्या लोकांना जपान गोड वाटतं ते मीही शाळेत असतानाच वाचलंय, पण त्यातली ती आगगाडीच्या डब्यांची शाळा शेवटी १९४५ च्या बॉम्बहल्ल्यात जळून जाते. तेत्सुको कुरोयानागींनी ते गाळलेलं नाही, आपण विसरतो.

मला राग आहे तो "जपानी माणूस असा असतो" छापाच्या पुस्तकांचा. बरं, ती काही फक्त बाहेरच्यांनी लिहिलेली नाहीत. १९४६ ते १९७८ या काळात खुद्द जपानमध्ये 'आपण जपानी म्हणजे कोण' या एकाच विषयावर ६९८ पुस्तकं निघाली असं नोमुरा संशोधन संस्थेने मोजलं होतं. अमेरिकन मानववंशशास्त्रज्ञ रूथ बेनेडिक्टचं जपानवरचं सगळ्यात गाजलेलं पुस्तक अमेरिकन सरकारसाठी युद्धाच्या काळात केलेल्या कामातून आलं, जपानला न जाता, अमेरिकेतल्या जपान्यांशी बोलून आणि सिनेमे बघून. नितोबेंनी सामुराईंच्या नीतीवरचं 'बुशिदो' लिहिलं तेच इंग्रजीत, १९०० साली, परक्यांना समजावून सांगायला. यातलं सगळंच मी नाक मुरडून नाही वाचत, नाकाने चिए या जपानी मानववंशशास्त्रज्ञ बाईंना तर मी मानते, कारण त्या आधी भारतात येऊन राहिल्या, इथे फील्डवर्क केलं आणि मग आपल्या जातीची रचना शेजारी ठेवून जपानी समाजाकडे बघितलं. पण बाकी बरीच पुस्तकं वाचून उठलं की एक साचा हातात राहतो आणि माणूस गायब असतो.

आता इकिगाई. जे पुस्तक सगळ्यांकडे आहे ते २०१६ चं, दोन स्पॅनिश लेखकांचं. ट्रेनिंगमध्ये दाखवतात ती चार वर्तुळांची आकृतीही जपानी नाही, २०१४ मध्ये एका ब्लॉगरने दुसऱ्याच कुणाच्या आकृतीत मधला शब्द बदलून टाकला. पण त्याच्या पन्नास वर्षं आधी, १९६६ मध्ये, याच विषयावर जपानीत एक पुस्तक आलं होतं, कामिया मिएको या मानसोपचारतज्ज्ञ बाईंचं. त्यांनी हा प्रश्न विचारला कुणाला, तर ओकायामाजवळच्या नागाशिमा बेटावरच्या कुष्ठरोग्यांना. ज्यांना सरकारने घरातून उचलून तिथे नेऊन ठेवलं होतं, आयुष्यभरासाठी. कित्येकांचं उत्तर होतं की दिवस रिकामे जातात, कशालाच अर्थ वाटत नाही. आणि काही जण म्हणाले की इथे आल्यावरच जगणं कळलं. ही दोन्ही उत्तरं एकत्र घेऊन त्या बाई पुस्तकभर झगडतात.

ओकायामाला कामासाठी गेले होते तेव्हाची गोष्ट. तिथल्या प्लांटमधले एक सिनियर होते, रिटायरमेंटला आलेले, आमच्या टीमला सगळ्यात जास्त सांभाळून घेणारे. जेवताना त्यांनी विचारलं, शनिवारी काय करणार? मी आपली उत्साहात, नागाशिमाला जाणार म्हटलं. टेबलावर एकदम सगळे गप्प. मग ते म्हणाले, कोराकुएन बघा ना, फार सुंदर बाग आहे, नाहीतर कुराशिकीला जा. मी म्हटलं तशी बाग आमच्या पुण्यातही आहे, सिंहगड रोडला, तुमचीच बघून केलेली. इथे मी थांबायला हवं होतं का ते मला अजून कळत नाही, पण मी थांबले नाही, कामियाबाईंबद्दल, त्या बेटाबद्दल जेवढं वाचलं होतं तेवढं सगळं बोलत गेले. त्यांनी चॉपस्टिक्स खाली ठेवल्या आणि अगदी सौम्यपणे विचारलं, "आम्ही तुमच्याकडे आलो की तुम्ही आम्हाला काय दाखवता?"

मी उत्तर दिलं नाही. खरं उत्तर होतं शनिवारवाडा आणि वेरूळ-अजिंठा. नंतर सगळं जेवण ते कास्टिंगमधल्या रिजेक्शनवर बोलत राहिले, मी भाषांतर करत राहिले, आणि सोमवारी त्यांनी शनिवार कसा गेला हे विचारलं नाही.

गेले मी तरीही. तिथे आल्या आल्या पेशंटना जंतुनाशकाच्या पाण्यात बुडवायचे तो काँक्रीटचा हौद अजून आहे. जवळचे पैसे काढून घ्यायचे आणि बेटावरच चालणारं चलन हातात द्यायचे. घरच्यांची बदनामी नको म्हणून कित्येकांनी नाव बदललं, आणि मेल्यावरही अस्थी घरी गेल्या नाहीत, तिथल्याच अस्थिगृहात आहेत. बेट आणि किनारा यांच्यात सगळ्यात अरुंद जागी फक्त तीसेक मीटर पाणी आहे. पूल झाला १९८८ मध्ये. औषध युद्धानंतर लगेच आलं होतं, पेशंटना वेगळं ठेवायचा कायदा रद्द झाला १९९६ मध्ये.

त्यांचा प्रश्न मात्र माझ्याबरोबर पुण्याला आला. मी विदर्भातली, शाळेच्या सहलीत आनंदवन बघितलेली, बाबा आमट्यांचा अभिमान लहानपणापासून अंगात मुरलेला. पण आपल्या कायद्यात २०१९ पर्यंत कुष्ठरोग हे घटस्फोटाचं कारण होतं, आणि लग्न जमवताना त्यांच्या घरात कुणाला 'तो' आजार होता का, हे अजूनही हळू आवाजात विचारलं जातं. मग मी दुसऱ्याच्या घरातली अडगळ बघायला का जाते? आपल्याकडची दिसत नाही म्हणून? मनातलीच एक मी म्हणते हो, तसंच आहे, लांबचं दुःख वाचायला सोपं जातं.

दुसरी म्हणते नाही. ही पुस्तकं जपान्यांनीच लिहिलीत. इशिमुरे मिचिको मिनामातातली एक गृहिणी, तिने १९६९ मध्ये पारा पोटात गेलेल्या कोळ्यांचं पुस्तक लिहिलं आणि त्याला मिळालेलं बक्षीस नाकारलं. इएनागा साबुरो यांनी शाळेचं इतिहासाचं पुस्तक लिहिलं, सरकारने त्यात काटछाट करायला लावली तर १९६५ मध्ये कोर्टात गेले, तीन खटले लढले, आणि १९९७ मध्ये सुप्रीम कोर्टाने मान्य केलं की युनिट ७३१ वरचा, म्हणजे माणसांवर प्रयोग करणाऱ्या जपानी लष्कराच्या पथकाबद्दलचा, मजकूर काढायला लावणं बेकायदेशीर होतं. बत्तीस वर्षं! माझ्या लेखी हाच जपानचा सगळ्यात मोठा गुण आहे, वेळेवर येणाऱ्या ट्रेनपेक्षा कितीतरी मोठा. तुम्ही "चांगलं काही सांग" म्हणता तेव्हा मी हेच सांगत असते, तुम्हाला ते रडगाणं ऐकू येतं.

पण कामियाबाईंपाशी येऊन माझंही अडतं. नागाशिमाच्या संस्थेचे पहिले प्रमुख मित्सुदा केन्सुके, पेशंटना सक्तीने वेगळं ठेवायचं धोरण रेटणारा माणूस, १९५१ मध्ये संसदेपुढेही त्यांनी तेच सांगितलं. कामियाबाई त्यांना खूप मानायच्या, आणि या धोरणाविरुद्ध त्या बोलल्या नाहीत. नंतर जपानमध्ये यावर टीका झाली, ती मला पटते. बंदिवासात अर्थ शोधणाऱ्या माणसांबद्दल इतकं समजुतीने लिहायचं आणि बंदिवासाबद्दल गप्प राहायचं, हे कसं जमलं असेल? मी ते पुस्तक पुन्हा उघडते तेव्हा कधी त्यांची बाजू घेते, कधी चिडून मिटून ठेवते. मराठीत आणायचं मनात आहे, पण प्रस्तावनेत मित्सुदांना किती जागा द्यायची यावरच गाडी अडलीये. तोवर कुणी विचारलं तर इशिमुरे, इएनागा आणि कामिया हीच नावं सांगणार, आणि कामियाबाईंचं सांगताना त्यांच्या त्या गप्प राहण्याबद्दलही सांगणार, ऐकणाऱ्याचा मूड गेला तरी.