नेदरची वारी: सोन्याची टोपी घातली तरी

"अंगावर सोन्याची एक वस्तू घाला, मग नेदरमध्ये कोणी वाट्याला जात नाही." माइनक्राफ्ट या व्हिडिओ गेममध्ये नेदरला, म्हणजे लाव्ह्याने भरलेल्या पाताळात, नेणारं पोर्टल (दार) पहिल्यांदा पेटवणाऱ्याला हा सल्ला हमखास मिळतो. सल्ला अर्धा खरा आहे. उरलेल्या अर्ध्यापायी सगळं सामान लाव्ह्यात जातं.

ही वाट गेमच्या जावा आवृत्तीतली, 1.16.2 च्या पुढची, डिफिकल्टी नॉर्मल. बेडरॉक या दुसऱ्या आवृत्तीवर बरेच आकडे वेगळे आहेत, तिथे हे जसंच्या तसं लावू नका. हिऱ्याचं चिलखत, ढाल, कॉबलस्टोनचे (दगडी ब्लॉकचे) दोन स्टॅक आणि पोटापाण्याची सोय आहे असं धरलंय. लोखंडी चिलखतात हौस म्हणून जाणाऱ्यांसाठी ही वाट नाही. पाण्याची बादली घरी ठेवा, नेदरमध्ये पाणी ओतलं की वाफ होते आणि एक खण फुकट अडतो.

आधी सोनं कुठे घालायचं ते ठरवा. बहुतेक जण बूट सांगतात, कारण चार इनगॉटमध्ये (सोन्याच्या लगडींमध्ये) होतात. हिशोब मात्र टोपीच्या बाजूने आहे. हिऱ्याच्या बुटांचे 3 आर्मर पॉइंट, सोन्याच्या बुटांचा 1, म्हणजे दोनाचा तोटा. हिऱ्याच्या टोपीचे 3, सोन्याच्या टोपीचे 2, तोटा एकाचाच. शिवाय फेदर फॉलिंगचे (पडल्यावर कमी लागण्याची जादू असलेले) बूट पायात राहतात, आणि नेदरच्या कड्यांवर त्यांचीच गरज जास्त. टोपीची टिकाऊपणाची मर्यादा 77 आहे, बुटांची 91. अनब्रेकिंग (टिकाऊपणा वाढवणारी जादू) न लावता जाऊ नका. पिगलिन, म्हणजे नेदरमधले डुकरासारखे प्राणी, सोनं घातलेल्याला दिसताक्षणी मारत नाहीत, पण भर गर्दीत टोपी तुटली तर तेवढ्याच क्षणी ओळख विसरतात.

पोर्टलमधून बाहेर पडलं की नेदर वेस्ट्सचं उघडं पठार लागतं. डावीकडे लाव्ह्याचा समुद्र, उजवीकडे नेदररॅकची (नेदरच्या ठिसूळ लाल दगडाची) भिंत, मध्ये तीन-चार ब्लॉक रुंद वाट, जवळपास 180 ब्लॉक लांब. या पूर्ण वारीत खरा घात इथेच होतो, म्हणून याच टप्प्यावर सगळ्यात जास्त लिहिणार आहे.

या वाटेवर झॉम्बीफाइड पिगलिन (पिगलिनची मेलेली, झॉम्बी झालेली जात) घोळक्याने फिरतात. सोन्याचा त्यांच्याशी काही संबंध नाही. तुम्ही सोनं घाला, खणा, त्यांच्या डोळ्यांदेखत चेस्ट उघडा, ते ढिम्म. पण एकालाही धक्का लागला, तर आग्या मोहोळाला दगड मारल्यासारखं होतं. मार खाल्लेल्याच्या भोवती आडवे किमान 33 ब्लॉक आणि वर-खाली 10 ब्लॉकांत जितके असतील तितके सगळे उठतात. पलीकडच्या टेकडीवरचे, ज्यांना तुम्ही पाहिलंही नाही, तेसुद्धा. चिलखताशिवाय एकेक वार 4 हार्ट्सचा, आणि चिडल्यावर त्यांची चालही वाढते.

मुद्दाम कोणी मारत नाही. मारलं जातं ते तलवारीच्या स्वीपमुळे (शेजारच्यांनाही लागणाऱ्या आडव्या वारामुळे), आणि हे कोणी सांगत नाही. वाटेत मॅग्मा क्यूब हा उड्या मारणारा शत्रू आडवा येतो, तुम्ही जमिनीवर उभं राहून पूर्ण चार्ज झालेला वार करता, आणि शेजारी उभ्या झॉम्बीफाइड पिगलिनला त्याच वाराची झळ लागते. नुकसान जेमतेम अर्धा हार्ट, पण हिशोबात तो तुमचाच हल्ला. उपाय सोपा आहे: या टप्प्यात हातात कुऱ्हाड धरा, कुऱ्हाडीला स्वीप नाही. तलवारच हवी असेल तर धावता धावता मारा किंवा उडी मारून खाली येताना मारा, तेव्हा स्वीप होत नाही. घास्टवर (आगीचे गोळे टाकणाऱ्या उडत्या शत्रूवर) सोडलेला बाण चुकून त्यांच्यात गेला, तरी गत तीच. पठारावर एकही बाण सोडू नका. घास्ट दिसला तर भिंतीच्या आडोशाला जा आणि त्याला ओरडू द्या.

राग किती वेळ टिकतो, याबद्दलही चुकीचं ऐकायला मिळतं. "वीस सेकंद थांबा, विसरतात" असं सांगतात. रागाची वेळ 20 ते 39 सेकंदांची आहे हे खरं, पण तुम्ही त्यांच्या निशाण्यावर आहात तोवर ती मोजदाद सुरूच होत नाही. वर दर 4 ते 6 सेकंदांनी चिडलेला जवळच्यांना पुन्हा चेतवतो. म्हणजे कोपऱ्यात उभं राहून ढाल धरून वाट पाहणं हा मूर्खपणा. दोनच गोष्टी चालतात. एक, चाळीसेक ब्लॉक दूर निघून जाणं, जे या चिंचोळ्या वाटेवर जवळजवळ अशक्य. दोन, कॉबलस्टोनने स्वतःला चहूबाजूंनी आणि वरूनही पूर्ण बंद करणं, नजरच तोडणं, आणि आत मिनिटभर बसणं. भिंतीत एक ब्लॉकची फट ठेवू नका, पिल्लं त्यातून आत शिरतात आणि त्यांचा वार मोठ्यांपेक्षा कमी नसतो. नेदररॅकने बंद करू नका, घास्टचा एक गोळा पुरतो. पोर्टलकडे पळणं हा तिसरा उपाय वाटतो, पण ते पोर्टलमधून मागे येऊ शकतात.

तीन ब्लॉक उंच खांब करून वर चढलात तर तलवार पोचत नाही, तिथून एकेकाला मारता येतं. पण लाव्ह्याच्या काठावर खांबावर उभं राहणं म्हणजे घास्टला आमंत्रण. करू नका.

एका घावात मेला तर बाकीचे उठत नाहीत, हेही खरं आहे, म्हणून काही जण शौर्य दाखवतात. त्याचे 10 हार्ट्स, म्हणजे 20 पॉइंट आहेत. शार्पनेस पाचची (धार वाढवणाऱ्या जादूची) नेदराइट कुऱ्हाड क्रिटसकट (खाली पडताना केलेल्या जोरदार वारासकट) 18 पर्यंत जाते, लागतात 20. स्माइट पाचची (मृतांना जास्त लागणाऱ्या जादूची) हिऱ्याची तलवार क्रिटने मारली तर काम होतं, कारण हा प्राणी मृतांपैकी आहे. क्रिट हुकला की मोहोळ उठलंच. सोन्याच्या एखाद्या नगेटसाठी (तुकड्यासाठी) हा जुगार नको. आणि मेलातच, तर forgiveDeadPlayers चा नियम मुळात चालू असतो, म्हणजे तुम्ही मेल्यावर त्यांचा राग जातो. सामान उचलायला परत जाताना तरी ते शांत असतील, एवढंच समाधान. मित्रांबरोबर खेळत असाल तर बाकीचे सहसा वाचतात. युनिव्हर्सल अँगर (एकाचा राग सगळ्या खेळाडूंवर काढण्याचा नियम) चालू केलेलं नसेल तर वार करणाऱ्यावरच राग.

पठार संपलं की क्रिमझन जंगल. इथे हॉगलिन (रानडुकरासारखे प्राणी) आहेत, ते तटस्थ वगैरे नाहीत, दिसलात की धडक मारतात. वार्प्ड फंगस (निळसर बुरशी) जमिनीत लावला की 7 ब्लॉक लांब राहतात. दोन-तीन बरोबर ठेवा. पुढे.

जंगलात खरे पिगलिन भेटतात आणि सोन्याची टोपी इथे उपयोगी पडते. पण ती फक्त "दिसताक्षणी मारू नका" एवढीच परवानगी आहे. नेदर गोल्ड ओर (सोन्याचं खनिज) खणलंत, सोन्याचा ठोकळा फोडलात, की 16 ब्लॉकांतले पिगलिन उठतात, मग मध्ये भिंत असो वा डोंगर. चेस्ट, बॅरल, एंडर चेस्ट, शल्कर बॉक्स यांपैकी सामानाची कुठलीही पेटी उघडली तर मात्र ज्याला तुम्ही दिसता तोच चिडतो. हा फरक बॅस्टियनमध्ये (पिगलिनच्या किल्ल्यात) जीव वाचवतो: चेस्ट उघडण्याआधी आजूबाजूला दोन ब्लॉक उंच भिंत उभी करा, मग खुशाल उघडा. चेस्ट फोडू मात्र नका, फोडणं खणण्यातच मोजलं जातं आणि तिथे भिंत कामाची नाही. स्वतः आणलेली, स्वतः ठेवलेली पेटी उघडली तरी त्यांना ती आपलीच वाटते. बॅस्टियनच्या दारात शल्कर बॉक्स मांडून सामान आवरणारे अनेक बळी गेलेत.

भिंत बांधायला वेळ नसेल तर जवळच्या प्रत्येक मोठ्या पिगलिनसमोर एकेक इनगॉट टाका. तो उचलून 6 सेकंद निरखत बसतो, आणि तेवढ्या वेळात चेस्ट उघडलेली मनावर घेत नाही. पिल्लं सोनं घेऊन पळतात, बदल्यात काही देत नाहीत, त्यांच्यावर खर्च करू नका. चिडलेच तर राग 30 सेकंदांचा. पिगलिन सोल टॉर्चपासून (निळ्या ज्योतीच्या मशालीपासून) 8 ब्लॉक लांब राहतात, तेव्हा परतीच्या वाटेवर आधीच चार-पाच रोवून ठेवा. त्यांना झॉम्बीफाइड पिगलिनचीही भीती वाटते, पण एकाचं भांडण दुसरा अंगावर घेत नाही.

पिगलिनचाच दांडगा भाऊ, ब्रूट, वेगळा. 25 हार्ट्स, चिलखताशिवाय एका वारात साडेसहा हार्ट्स, सोन्याला भीक घालत नाही, सोल टॉर्चला घाबरत नाही. 1.16.2 मध्ये आला, त्याआधीच्या माहितीत त्याचं नावच नाही. मारलात तर पुन्हा जन्मत नाही, म्हणून वरून, खांबावरून, सावकाश मारा.

आता भावाबद्दल. पिगलिनचा सौदा (एक सोन्याचा इनगॉट द्यायचा, बदल्यात तो देईल ते घ्यायचं) म्हणजे सरळ लूट आहे. एंडर पर्लची (फेकला की तिथे पोचवणाऱ्या मण्याची) शक्यता दोन टक्क्यांच्या आसपास, मिळतात 2 ते 4. म्हणजे साधारण 46 इनगॉटमागे तीन पर्ल, एक पर्ल साधारण 15 इनगॉटला. 1.16.1 मध्ये शक्यता 423 पैकी 20 होती आणि एकदम 4 ते 8 मिळायचे, पर्ल साडेतीन इनगॉटला पडायचा. जुने व्हिडिओ बघून पिशवीभर सोनं घेऊन जाणाऱ्यांची फसगत इथेच होते. एक ओर 2 ते 6 नगेट देतं, नऊ नगेटचा एक इनगॉट. फॉर्च्यून (जास्त माल देणारी जादू) नसेल तर 46 इनगॉटसाठी शंभरच्या वर ओर खणावे लागतात, आणि प्रत्येक ओरमागे आसपासचे पिगलिन उठणार! बदल्यात खडी, ब्लॅकस्टोन, चामडं मिळेल. फायर रेझिस्टन्सचं (आगीपासून वाचवणारं) औषध, पिण्याचं आणि फेकायचं धरून, साधारण 29 इनगॉटला. तेवढ्यासाठी सौदा करा, ऑब्सिडियनसाठीही चालेल, पर्लसाठी अजिबात नाही.

पर्ल हवे असतील तर पुढच्या वार्प्ड जंगलात जा. तिथे पिगलिन नाहीत, हॉगलिन नाहीत, बाकी सांगण्यासारखं काही नाही, फक्त एंडरमन (मेल्यावर पर्ल टाकणारे उंच, काळे प्राणी) आहेत आणि भरपूर आहेत. 64 ब्लॉकांतून डोक्याकडे पाहिलं तरी चिडतो. बघितलं तरी तो चिडू नये म्हणून डोक्यावर कोरलेला भोपळा घालायचा सल्ला देतात, पण भोपळा आणि सोन्याची टोपी एकाच जागी बसतात, आणि जंगलाच्या सीमेवर टोपी बदलताना क्रिमझनकडचा पिगलिन बघत असेल तर संपलं. नजर जमिनीकडे ठेवा, पुरतं. मारायचा असेल तर दोन ब्लॉक उंचीवर 3 बाय 3 चं छप्पर करा, मधल्या ब्लॉकखाली उभे राहा, मग मुद्दाम डोळ्यांत बघा. तो जवळपास तीन ब्लॉक उंच असल्याने आत येत नाही. पायावर हिऱ्याच्या तलवारीचे सहा वार. प्रत्येक एंडरमनमागे पर्ल मिळायची शक्यता निम्मी. बाण वाया घालवू नका, तो गायब होऊन दुसरीकडे जातो.

परतताना तेच पठार लागतं, आणि थकल्यावर हात तलवारीकडेच जातो. कुऱ्हाड आधीच हातात घ्या. पोर्टलभोवती पहिल्याच दिवशी कॉबलस्टोनची खोली बांधलेली नसेल तर घास्टने ते विझवलेलं असण्याची तयारी ठेवा. चकमक दगड-पोलाद पिशवीत नसेल, तर लाव्ह्याच्या काठावर, तीस झॉम्बीफाइड पिगलिनच्या मध्ये, विझलेल्या चौकटीकडे बघत बसावं लागतं.