धुराच्या धंद्यातलं पाणी

इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरच्या ग्रिम्सबीत मासे स्मोक करणाऱ्या, म्हणजे धुरवणाऱ्या, एका कारखान्यात मी क्वालिटीचं काम बघते असं सांगितलं की लोक दोनच प्रश्न विचारतात. अंगाचा वास जातो का? आणि दुकानातून कुठला घ्यावा? पहिल्याचं उत्तर: नाही, केसांचा तर मुळीच नाही. दुसऱ्याचं उत्तर लांबलचक आहे, म्हणून ही पोस्ट.

या धंद्यात बाहेर सगळे धुराबद्दल बोलतात. ओकचा भुसा, बीचचा भुसा, व्हिस्कीच्या जुन्या पिंपांच्या ढलप्या. पाकिटावर लाकडाचं नाव अगदी कौतुकाने छापलेलं असतं. आत, जिथे पैशांचा हिशेब होतो, तिथे मात्र बोलणं पाण्याचं. मासा मिठात मुरताना पाणी सोडतो, धुरात टांगला की आणखी सोडतो. समजा हॅडॉकची (कॉडच्या कुळातला पांढऱ्या मांसाचा समुद्री मासा) १०० किलो फिलेट, म्हणजे काटा काढलेले लांब तुकडे, आत गेली आणि ८७ किलो बाहेर आली, तर मधले १३ किलो मालकाच्या डोळ्यांसमोर धुरांड्यातून वर गेले, कारण माल विकायचा वजनावर. ब्रिटनमधल्या स्मोक्ड फिशच्या बाजाराचा गेल्या शंभरेक वर्षांचा इतिहास म्हणजे मला तरी या १३ किलोंची ओढाताण वाटते.

पूर्वी असा प्रश्नच नव्हता. मासा टिकवायचा तर पाणी घालवायलाच हवं. ग्रेट यारमथ या इंग्लिश बंदरातले रेड हेरिंग (हेरिंग हा लहान, तेलकट मासा) मिठात आणि धुरात इतके कडक करत की ते थेट परदेशी जहाजांवर चढत. मग रेल्वे आली. किनाऱ्यावरचा मासा दुसऱ्या दिवशी लंडनला पोचायला लागला आणि टिकण्यासाठी एवढं वाळवायची गरज संपली. हलकं मीठ, हलका धूर, मऊ मासा. हेरिंग पाठीतून चिरून, उघडून, मिठाच्या पाण्यात बुडवून थंड धुरात टांगायचा, हा किपरचा प्रकार १८४० च्या दशकात नॉर्थंबरलंडमधल्या सीहाउसेसच्या जॉन वुडगरने बाजारात रुळवला असं मानतात. त्या किनाऱ्यावर क्रॅस्टर गावात आजही जुन्या दगडी स्मोकहाउसमधून किपर निघतात. हेरिंग मात्र आता बहुतेक नॉर्वेचा.

एकदा टिकवण्याची सक्ती गेली की धूर उरतो चवीपुरता आणि रंगापुरता. आणि रंग बाटलीतून मिळत असेल तर भट्टीत रात्र कोण घालवणार? पहिल्या महायुद्धाच्या सुमारास किपरला रंग लावायला सुरुवात झाली. रंगात बुडवलेला मासा थोड्या वेळात ‘झालेला’ दिसतो, पाणीही कमी जातं. वेळ वाचला, वजन वाचलं. या कामासाठी एक खास तपकिरी रंगच होता, ब्राउन एफके. एफके म्हणजे ‘फॉर किपर्स’. पुढे युरोपने तो परवानगीच्या यादीतून काढून टाकला.

पिवळाधमक हॅडॉकही त्याच घराण्यातला. माझ्या सासूबाई पहिल्यांदा इकडे आल्या तेव्हा दुकानात ते फिलेट बघून म्हणाल्या, “याला हळद चोळलीय का गं?” त्यांना वाटलं मी हसेन. मी लेबल वाचून दाखवलं. कर्क्युमिन म्हणजे हळदीतलाच रंग, आणि जोडीला अ‍ॅनाटो, तोही एका झाडाच्या बियांचा रंग. त्यात अपायकारक काही नाही, तेवढं सांगून ठेवते. फक्त तो रंग धुराबद्दल काहीच सांगत नाही. रंग न लावलेलं स्मोक्ड हॅडॉक फिकट गव्हाळ असतं आणि कडेला, जिथे मांस पातळ असतं तिथे, जरा गडद होतं. पिवळं फिलेट या टोकापासून त्या टोकापर्यंत सारखंच पिवळं. ओळखायला एवढं पुरे.

आता आमची भट्टी. ग्रिम्सबीची जुनी स्मोकहाउसेस म्हणजे विटांची उंच धुरांडी, आतून वर्षानुवर्षांच्या डांबरासारख्या थराने काळी कुळकुळीत. भिंतीला हात लावला तर तो दिवस त्या हाताचा. हॅडॉक आणि कॉडची फिलेट मिठाच्या पाण्यात काही मिनिटं बुडवतात आणि मग लोखंडी सळ्यांवर घडी घालून टांगतात. या सळ्यांना इथे स्पीट म्हणतात. लगेच धुरात घालायचं नाही. निथळू द्यायचं. मिठामुळे पृष्ठभागावरचं प्रथिन विरघळतं आणि सुकताना त्याची चकचकीत पातळ साय धरते. ती नीट धरली नाही तर धूर डागाडागांनी बसतो आणि कितीही वेळ ठेवा, मासा निस्तेजच दिसतो. आमचा रात्रपाळीचा भट्टीवाला बोटाच्या मागच्या बाजूने फिलेटला टेकवून बघतो. चिकटलं पण ओलं लागलं नाही, की आत.

खाली जमिनीवर भुशाचे ढीग. ते धुमसायला हवेत, पेटायला नकोत. ज्वाळा आली की उष्णता वाढते, कोल्ड स्मोकिंगची, म्हणजे न शिजवता धूर देण्याची, ३० अंशांची मर्यादा ओलांडली की मांस शिजायला लागतं आणि फिलेट सळीवरून फाटून खाली पडतं. शिवाय आगीच्या धुरातून नको ती संयुगं येतात. त्यातलं बेन्झोपायरीन, कॅन्सरला कारण ठरणारं, किलोला २ मायक्रोग्रॅमच्या वर गेलं तर माल बाद. २०१४ पर्यंत ही मर्यादा ५ होती. तर भट्टीवाला रात्रभर काय करतो? भुसा ओला करतो, ढीग मोडतो, वरची झडप थोडी उघडतो, थोडी मिटतो. समुद्राकडून दमट वारा आला की सगळं मंदावतं, कारण बाहेरच्या हवेतच पाणी भरलेलं असतं. अशा रात्री तो माझ्या कागदावरचे तास बघतही नाही. पहाटे सळ्यांची जागा बदलतो, वरच्या खाली आणि खालच्या वर, आणि सकाळी मी वजन करते तेव्हा आकडा बहुतेक तोच येतो जो त्याने आधी तोंडी सांगितलेला असतो. मला याचं अजूनही नवल वाटतं आणि थोडा रागही येतो, कारण ऑडिटरला मी लिहून काय देणार? ‘बोटाने कळतं’?

हाच प्रश्न स्कॉटलंडमधल्या अ‍ॅबर्डीनच्या टॉरी रिसर्च स्टेशनला पडला होता. १९३९ मध्ये तिथल्या संशोधकांनी टॉरी किल्न (किल्न म्हणजे भट्टी) तयार केली. पंखा, हीटर, बाहेर ठेवलेली धुराची पेटी आणि ट्रॉल्यांवर लावलेला मासा. हवेचा वेग, तापमान, ओलावा सगळं हातात. जुन्या धुरांड्यात वाऱ्याच्या लहरीप्रमाणे किपरला अख्खी रात्र जायची, टॉरीत चारेक तासांत काम व्हायचं. आजच्या स्टीलच्या संगणकी भट्ट्या तिच्याच लेकी. लोक ‘मशीनचा धूर’ म्हणून नाक मुरडतात ते मला पटत नाही. टॉरीत नीट सुकवलेला किपर धुरांड्यात घाई केलेल्या किपरपेक्षा केव्हाही सरस. यंत्राने एकच गोंधळ केला: किती पाणी घालवायचं हे आता अचूक ठरवता येतं, म्हणजे किती कमी घालवून भागेल तेही अचूक ठरवता येतं.

त्या पुढची पायरी म्हणजे द्रवरूप धूर. फवारला की झालं, सुकवायची भानगडच नाही. युरोपियन युनियनने २०२४ मध्ये अशा आठ स्मोक फ्लेवरिंगची परवानगी पुढे चालू न ठेवण्याचा निर्णय घेतला, आरोग्याच्या कारणावरून. मासे आणि हॅमसारख्या पदार्थांना पाच वर्षांची मुदत मिळाली. ब्रिटन त्यातून बाहेर असल्याने इथे तो नियम आपोआप लागू होत नाही.

जुन्या पद्धतीला कागदोपत्री संरक्षणही मिळालंय, म्हणजे ते नाव ठरलेल्या भागात, ठरलेल्या पद्धतीने केलेल्या मालालाच लावता येतं. स्कॉटलंडच्या आरब्रोथ स्मोकीला २००४ मध्ये, ‘ट्रॅडिशनल ग्रिम्सबी स्मोक्ड फिश’ला २००९ मध्ये, ‘लंडन क्युअर’ स्मोक्ड सामनला (salmon) २०१७ मध्ये. स्मोकी हा मात्र वेगळाच प्रकार. डोकं काढलेले दोन हॅडॉक शेपटीला सुतळीने बांधून आडव्या काठीवर टांगायचे आणि गरम धुरात तिथल्या तिथे शिजवायचे, तेही आरब्रोथपासून ८ किलोमीटरच्या आत. ग्रिम्सबीच्या नियमात गंमत बघा: धूर ग्रिम्सबीचा हवा, मासा नाही. तो असणार तरी कुठून? १९७६ मध्ये आइसलंडबरोबरचं कॉड वॉर, म्हणजे मासेमारीच्या हद्दीवरचं भांडण, संपलं, त्यांची २०० मैलांची हद्द मान्य झाली आणि इथली दूरच्या पाण्यात जाणारी ट्रॉलरची, म्हणजे मोठ्या मासेमारी बोटींची, फौज संपली. आता आइसलंड आणि नॉर्वेचा मासा कंटेनरमधून येतो आणि गाव त्याला कापतं, धुरवतं, पॅक करतं. त्याच सुमारास, १९७७ मध्ये, नॉर्थ सीतली हेरिंगची मासेमारी साठा घसरल्यामुळे काही वर्षं बंद झाली. एका पिढीच्या नाश्त्यातून किपर गेला तो पुरता परतलाच नाही. आमच्याकडे किपर मागणारी माणसं बहुतेक पांढऱ्या केसांची.

त्याची जागा सामनने घेतली. १९ व्या शतकाच्या अखेरीस पूर्व युरोपातून लंडनच्या ईस्ट एंडमध्ये आलेल्या ज्यू कुटुंबांनी सामन धुरवायला सुरुवात केली. तेव्हा तो चैनीचा पदार्थ होता. १९७० नंतर सामनची शेती वाढली आणि तो सुपरमार्केटच्या फ्रीजमध्ये पोचला. ख्रिसमसच्या आधी आमच्याकडे दुसरं काही सुचत नाही.

आणि सामनमध्ये पाण्याची खरी कसोटी. कोरडं मीठ चोळून मुरवला तर वजन उतरतं. सुयांच्या यंत्राने मिठाचं पाणी आत टोचलं तर मीठही बसतं, वजनही राहतं. यात बेकायदा काही नाही. घातलेलं पाणी ५ टक्क्यांच्या वर असेल तर नावात लिहावं लागतं, बस. पण मीठ इथे चवीपुरतं नसतं. बंद पाकिटात हवा नसते, आणि बोट्युलिझम या जीवघेण्या विषबाधेच्या जंतूला तेच हवं असतं. म्हणून गारव्याच्या जोडीला दुसरा काही अडसर नसेल तर फ्रीजमधलं व्हॅक्यूम पॅक १० दिवसांपेक्षा जास्त टिकतं असं लिहिता येत नाही. अडसर म्हणजे, उदाहरणार्थ, माशातल्या पाण्यात किमान ३.५ टक्के मीठ. मांसातलं नव्हे, मांसातल्या पाण्यातलं. पाणी जास्त ठेवलं की तेवढंच मीठ पातळ होतं. एका बड्या दुकानसाखळीच्या खरेदीवाल्याने एकाच ईमेलमध्ये तीन मागण्या केल्या होत्या: मीठ कमी करा, तारीख लांबवा, वजनात घट कमी दाखवा. मी उत्तरात फक्त गणित करून पाठवलं. त्यावर एक मीटिंग झाली, मग आणखी एक. मीठ होतं तेवढंच राहिलं.

लेबलचं एक. ‘स्मोक्ड इन स्कॉटलंड’ म्हणजे धूर स्कॉटलंडचा, सामन नॉर्वेचाही असू शकतो. ‘स्कॉटिश स्मोक्ड सामन’ हे शब्दही नीट वाचा, स्कॉटिश काय आहे, धूर की मासा, आणि मग पाठीमागे मासा कुठे वाढवला ते शोधा. नॉर्वे स्वतः सगळा धुरवून का विकत नाही? कारण युरोपियन युनियनमध्ये त्यांच्या ताज्या सामनवर २ टक्के जकात आहे आणि स्मोक्डवर १३. म्हणून अख्खे मासे बर्फात घालून ट्रकने पोलंडला जातात, तिथे धूर लागतो आणि जर्मनीत खाल्ले जातात. बर्फाचं आणि काट्याचं वजन वाहायचं, पण जकात वाचवायची. आमच्या बाजूला जकात नाही, कागद आहेत. २०२१ पासून युरोपात जाणाऱ्या प्रत्येक खेपेला आरोग्य प्रमाणपत्र, त्यावर अधिकृत माणसाची सही, आणि एका खान्यात चूक झाली तर ट्रक सीमेवर उभा. त्याच्या कहाण्या इथे सुरू केल्या तर पोस्ट संपणार नाही.

तर कुठला घ्यावा? पाकीट उभं धरा. खालच्या कोपऱ्यात पाणी साचलं असेल तर परत ठेवा. वरून बोटाने दाबा: हॅडॉक आणि सामन दोन्ही घट्ट लागले पाहिजेत, स्पंजासारखे नाहीत. घटकांच्या यादीत मासा, मीठ, धूर एवढंच असेल तर उत्तम. सामनमध्ये साखर असली तर हरकत नाही, ती जुनी पद्धत आहे. किपर घेतला तर तळून घर भरून टाकू नका. उंच भांड्यात शेपटी वर ठेवून उभा करा, उकळतं पाणी ओता, झाकून पाचेक मिनिटं. हॅडॉक दुधात मंद शिजवा आणि ते दूध फेकू नका, भातात घाला.

गरोदर असाल किंवा प्रतिकारशक्ती कमी असेल तर कोल्ड स्मोक्ड मासा पाकिटातून थेट खाऊ नका. कारण लिस्टेरिया नावाचा जंतू. तो कोल्ड स्मोकिंगच्या तापमानात मरत नाही, फ्रीजमध्ये वाढतो आणि काप करणाऱ्या यंत्रांच्या पात्यांमागे ठाण मांडून बसतो. माझा निम्मा आठवडा ती यंत्रं खोलून धुतली की नाहीत हे बघण्यात जातो. नीट वाफा येईपर्यंत गरम करून खाल्ला तर चालतो.