आमची वाटचाल: मसाल्याच्या पुडीवरची बारीक अक्षरं

गोडा मसाला, मेतकूट आणि थालीपिठाची भाजणी, एवढाच आमचा माल. साताऱ्यातल्या घरी जाऊबाई भाजतात, मी दळून आणते. आधी ओळखीपाळखीत डबे जायचे. २०२१ मध्ये एक किराणा दुकानदार माल ठेवायला तयार झाला, पण त्याचा पहिला प्रश्न होता, "ताई, एफएसएसएआयचा नंबर आहे ना?" एफएसएसएआय म्हणजे देशाचं अन्नसुरक्षा प्राधिकरण.

घरगुती म्हटलं की कायदा लागत नाही, असा अनेकींचा समज असतो. पण घरच्या ओट्यावर केलेला पदार्थ विकला, की तोही अन्नव्यवसायच. वर्षाची उलाढाल १२ लाखांच्या आत असेल तर तेव्हा परवान्याऐवजी साधी नोंदणी पुरायची. एजंटने तीन हजार सांगितले. आम्ही पोर्टलवर फोटो आणि ओळखपत्र स्वतःच चढवलं, वर्षाला १०० रुपयांप्रमाणे पाच वर्षांचे ५०० भरले आणि १४ आकडी नंबर मिळवला.

खरा घाम काढला तो लेबलने. घटक वजनाच्या उतरत्या क्रमाने छापायचे, आणि जाऊबाईंचं सगळं प्रमाण वाटीत आणि चिमटीत! "माझा मसाला आता सरकारला शिकवू का?" म्हणून त्या रुसल्या. आकडे नाही, नुसता क्रम लिहायचाय, हे कळल्यावर धने, खोबरं, तीळ, अगदी दगडफूलसुद्धा काट्यावर चढलं. काटाही घरातला चालत नाही. वैधमापनचा, म्हणजे वजन-काटे तपासणाऱ्या सरकारी खात्याचा, शिक्का असलेला लागतो, आणि तो शिक्का दर वर्षी नवा करून घ्यावा लागतो. हिरवा ठिपका, बॅच नंबर, तारखा, सर्व करांसहित किंमत हे त्यामानाने सोपं.

अडलं ते हिंगापाशी. आमच्या हिंगाच्या डबीवर घटकांत गव्हाचं पीठ होतं. म्हणजे ज्या मसाल्यात आम्ही गव्हाचा दाणाही घालत नाही, त्याच्याही पुडीवर "गहू आहे" असं छापणं भाग. जाऊबाईंना हे अजून पटलेलं नाही. मला पटलं, कारण गहू न चालणाऱ्या मुलांच्या आया हेच फोन करून विचारतात.

त्यांच्यासाठी खडा हिंग कुटून वेगळा मसाला करून पाहिला. तरी त्यावर ग्लूटेनमुक्त (ग्लूटेन म्हणजे गव्हातलं प्रथिन) असं छापत नाही. त्यासाठी ग्लूटेन किलोमागे २० मिलिग्रॅमच्या आत लागतं, आणि आम्ही जिथे दळतो त्या गिरणीत दिवसभर गहूच पडतो. तेव्हा फोनवर सरळ सांगते, हा घेऊ नका.