तुम्ही विचारलंत म्हणून: ते झगेवाले खरे ख्रिश्चन का?

भारतातून जोहान्सबर्गला येणारा पाहुणा रविवारी सकाळी गाडीत बसला, की एक प्रश्न ठरलेला. मेलव्हिल कोपीजच्या टेकडीवर, नाहीतर हमरस्त्याच्या कडेला गवतात, पांढरे-निळे-हिरवे झगे घातलेली माणसं हातात काठ्या घेऊन ढोलाच्या ठेक्यावर गोल धावत असतात. "हे कोण?" चर्च भरलंय, मी सांगते. मग पुढचा, खरा प्रश्न येतो: "हे खरे ख्रिश्चन का, की जुन्याच धर्मात थोडा येशू घातलाय?" मी नगरच्या ख्रिस्ती घरातली. निकाल देण्याचा अधिकार मला आहे, असं विचारणाऱ्याला वाटत असावं.

ख्रिश्चनच. आणि भेसळीचंच म्हणाल, तर यातल्या ज्या गोष्टी पाहुण्यांना अगदी 'आफ्रिकन' वाटतात, त्यांपैकी बऱ्याच अमेरिकेतून आल्या आहेत. डुकराचं मांस वर्ज्य, दारू-तंबाखू वर्ज्य, दुखणं प्रार्थनेने बरं करायचं, बाप्तिस्मा देताना पाण्यात तीनदा बुडवायचं, हे सगळं जॉन अलेक्झांडर डाउई या मूळच्या स्कॉटिश उपदेशकाचं. त्याने शिकागोच्या उत्तरेला झायन नावाचं आपलं शहरच वसवलं होतं. त्याचा माणूस डॅनियल ब्रायंट १९०४ मध्ये दक्षिण आफ्रिकेत आला आणि वाकरस्ट्रूमला त्याने बाप्तिस्मे दिले. तिथला डच रिफॉर्म्ड चर्चचा मिशनरी पीटर ल रू आधीच डाउईच्या शिकवणीकडे वळला होता, त्याच्यामागे त्याचे काळे अनुयायीही. १९०८ मध्ये पवित्र आत्म्याच्या वरदानांवर भर देणारे पेंटेकॉस्टल मिशनरी आले, तेव्हा ल रू त्यांच्याकडे गेला. झायन हे नाव मात्र काळ्या लोकांनी सोडलं नाही. रस्त्याकडेच्या त्या मंडळ्या म्हणजे त्यांच्याच असंख्य फांद्या.

त्याआधीची फूट वेगळ्या कारणाने पडली होती आणि मला ती अधिक ओळखीची वाटते. मांगेना मोकोने हे वेस्लियन मेथडिस्ट चर्चचे काळे पाळक. काळ्या पाळकांच्या सभा वेगळ्या भरत, पण अध्यक्ष गोराच. पगारात फरक, घरात फरक. १८९२ मध्ये त्यांनी राजीनामा दिला आणि प्रिटोरियात इथिओपियन चर्च काढलं. इथिओपिया देवाकडे हात पसरेल, या ६८व्या स्तोत्रातल्या वचनावरून ते नाव. थेंबू लोकांत नेहेमिया टाइल यांनी १८८४ मध्येच असं स्वतंत्र चर्च उभारलं होतं. या मंडळींची प्रार्थना, गीतं, पोशाख जवळजवळ जुन्या चर्चचेच राहिले. भांडण खुर्चीचं होतं. आमच्या नगरला अमेरिकन मराठी मिशन ज्या बॉस्टनच्या मंडळाने चालवलं, त्याच मंडळाचे मिशनरी नाताळ प्रांतात झुलूंमध्ये काम करत होते. कवी ना. वा. टिळकांनी १९१७ मध्ये त्या मिशनची नोकरी सोडून 'देवाचा दरबार' ही मिशनबाहेरची ख्रिस्ती मंडळी मांडली, ती का, हे ज्यांना कळतं त्यांना मोकोने वेगळे समजावून सांगावे लागत नाहीत.

पण माझा जीव जडलाय तो शेंबेंच्या मंडळीवर. यशया शेंबे हे मिशन शाळेत न शिकलेले, फिरते उपदेशक आणि रोग बरे करणारे. १९१० च्या सुमारास त्यांनी नाझारेथ मंडळी सुरू केली आणि डरबनजवळ इनांडा इथे जमीन घेऊन एकुफाकामेनी ही वस्ती वसवली. गांधींचा फिनिक्स आश्रम तिथून काही किलोमीटरवर. १९१३ च्या जमीन कायद्याने काळ्यांना देशातली सुमारे ७ टक्केच जमीन उरली होती. अशा वेळी विधवा, अनाथ, मळ्यांवरून हाकलले गेलेले लोक शेंबेंकडे येत, त्यांना राहायला जागा आणि कसायला वावर मिळे. 'प्रार्थनेने बरं करतात' या वाक्यात हेही धरायला हवं, असं मला वाटतं. आफ्रिकन नॅशनल काँग्रेसचे पहिले अध्यक्ष जॉन दुबे याच इनांडाचे, मिशनमध्ये वाढलेले. त्यांनीच शेंबेंचं चरित्र लिहिलं.

मिशनऱ्यांनी नाच बंद पाडला होता. शेंबेंनी तो उपासनेत आणला. दावीद राजा कराराच्या कोशापुढे, म्हणजे देवाच्या आज्ञांच्या पवित्र पेटीपुढे नाचला, हे शास्त्रात आहेच, पण आम्ही मात्र बाकावर हात बांधून बसायला शिकलो. यांचा शब्बाथ, म्हणजे विश्रांतीचा पवित्र वार, शनिवारी. बायबलच्या जुन्या करारातल्या नाजीरांसारखे, म्हणजे देवाला नवस केलेल्यांसारखे, केस कापायचे नाहीत. जानेवारीत न्हलांगाकाझी डोंगराची अनवाणी यात्रा. नाचाच्या पोशाखात पुरुष बिबट्याचं कातडं पांघरत, त्यामुळे बिबटे धोक्यात आले. मग पँथेरा या वन्यजीव संस्थेने हुबेहूब दिसणारी कृत्रिम कातडी वाटायला सुरुवात केली, आणि अनेकांनी ती आनंदाने घेतली.

सुरक्षारक्षकाच्या छातीवर हिरव्या कापडावरचा चांदीचा तारा दिसला, तर तो झायन ख्रिश्चन चर्चचा. एंगेनास लेखान्याने यांनी हे १९२४ मध्ये स्थापलं. २००१ च्या जनगणनेत देशातले सुमारे ११ टक्के लोक या एका चर्चचे होते. ईस्टरला पोलोक्वानेजवळच्या मोरिया या त्यांच्या मुख्य ठाण्याला अफाट गर्दी लोटते. खाकी कपडे आणि जाड पांढरे बूट घातलेले पुरुष तासन् तास उड्या मारत नाचतात. आशीर्वादित पाणी आणि चहा दुखण्यावर दिला जातो. १९८५ मध्ये वर्णद्वेषी सरकारचे अध्यक्ष बोथा यांना या चर्चने मोरियाला बोलावलं, ते अनेकांनी माफ केलेलं नाही. १९९२ मध्ये त्याच मंचावर मंडेला आणि डी क्लर्क होते. सत्तेशी जुळवून घेतलं नाही तर काय होतं, हे १९२१ ने दाखवलं होतं: बुलहूक इथे एनॉक म्गिजिमा यांच्या 'इस्राएली' अनुयायांनी जागा सोडायला नकार दिला, पोलिसांनी गोळ्या झाडल्या आणि दीडशेहून अधिक माणसं मेली. तरीही बोथांचं ते आमंत्रण मला पचत नाही.

सगळंच कौतुकाचं नाही. गादीवरून भाऊबंदकी तर सर्वत्र: लेखान्याने घराण्यात तारा आणि कबुतर अशी दोन बिल्ल्यांची दोन चर्चेस झाली, शेंबेंच्या वारसांचा वाद कोर्टात गेला. झिंबाब्वेतले काही पांढऱ्या झग्यांचे 'प्रेषितीय' पंथ लस नाकारतात. २०२२ च्या गोवराच्या साथीत तिथे शेकडो मुलं गेली. या ठिकाणी 'त्यांची श्रद्धा' म्हणून गप्प बसणं मला जमत नाही.

यानंतर बहुतेक पाहुणे विचारतात, जाऊन बघता येईल का. येईल. शेंबेंच्या मंडळीत जायचं तर शनिवारी. पांढऱ्या दगडांचं कुंपण दिसलं की बाहेरच चपला काढायच्या, कारण ती आतली मोकळी जमीन हेच देऊळ. बायकांनी डोकं झाकायचं आणि बायकांच्याच बाजूला बसायचं. फोटो विचारल्याशिवाय काढायचा नाही. आणि दुपारची दुसरी कुठलीही वेळ कोणाला देऊन ठेवायची नाही, उपासना लांबते.