जांभ्याच्या घराची डागडुजी: दगडफुलाचे चट्टे, आतापर्यंतचं काम

यंदा पावसाळा सरल्यावर घराच्या दगडी भागांवरचं दगडफूल काढायला घेतलं. घर राजापूर तालुक्यातलं, जुनं. जोतं जांभ्याचं, म्हणजे कोकणातल्या लालसर, सच्छिद्र दगडाचं; अंगणात उतरणाऱ्या पायऱ्या आणि विहिरीचा कठडा काळ्या दगडाचा. तुळशीवृंदावनही घडीव काळ्या दगडाचं, पण त्याचे सांधे चुन्याचे. हे सविस्तर सांगते, कारण कोणता घरगुती उपाय चालेल ते सगळं दगड कोणता आणि सांधा कशाचा यावर ठरतं. व्हिनेगर चांगलं की सोडा चांगला, हा प्रश्न त्यानंतरचा.

आधी चट्टा नेमका कशाचा आहे ते पाहून घेतलं. हिरवं, बुळबुळीत, बोटाने पुसलं जाणारं ते शेवाळ. पांढरा चट्टा मात्र फसवतो, कारण जोत्यावरचा लोणाही, म्हणजे ओलीबरोबर वर आलेल्या क्षारांचा थर, लांबून तसाच दिसतो. त्यावर पाणी शिंपडून थांबायचं. लोणा पाण्यात विरघळून दिसेनासा होतो, दगडफूल उलट फुगतं आणि मिनिटा-दोन मिनिटांत त्यात हिरवट झाक येते. ती हिरवी झाक आतल्या शैवालाची. दगडफूल म्हणजे बुरशी आणि शैवाल यांचा एकत्र संसार, बुरशी आसरा देते आणि शैवाल उन्हावर अन्न तयार करतं. सायमन श्वेन्डेनर या स्विस शास्त्रज्ञाने १८६०च्या दशकात हे मांडलं तेव्हा त्या काळच्या अनेक जाणकारांना ते पटलं नव्हतं.

आमच्या पायऱ्यांवर दोन तऱ्हा आहेत. एक पानासारखी, कडा किंचित उचललेल्या, नखाने पापुद्रा सुटतो. दुसरी पापडीसारखी दगडाला चिकटून बसलेली, मधे काळे बारीक ठिपके आणि कडेला फिकी रेघ. भिंगातून पाहिलं तर ते ठिपके छोट्या वाट्यांसारखे दिसतात, त्यांतूनच बुरशीचे बीजाणू बाहेर पडतात. खरा त्रास या दुसऱ्या तऱ्हेचा. तिचे तंतू दगडाच्या बारीक भेगांत उतरलेले असतात, त्यामुळे कोरडं खरवडलं की दगडाचे कणही सोबत निघतात.

पायऱ्यांपासून सुरुवात केली, कारण तिथे सकाळी दव पडलं की पाय घसरतो आणि घरात म्हातारी माणसं आहेत. पद्धत साधी ठेवली. संध्याकाळी पायरीवर भरपूर पाणी ओतायचं, वर ओली गोणपाटं अंथरायची आणि रात्रभर तशीच ठेवायची. सकाळपर्यंत पानासारखं दगडफूल भिजून मऊ होतं. बांबूची कामटी आडवी धरून कडेखाली सरकवली की अख्खा पापुद्रा हातात येतो, खाली स्वच्छ काळा दगड. मग नारळाच्या सोडणाने गोल घासायचं आणि पाण्याने धुऊन टाकायचं. लोखंडी तारेचा ब्रश मी या कामाला घेत नाही. तो दगडावर ओरखडे पाडतो, आणि तारेचे तुकडे भेगांत अडकले की पुढच्या पावसात गंजाचे डाग उठतात.

पापडीसारखे चट्टे पहिल्या खेपेला अर्धेच निघाले. गोणपाटाची दुसरी खेप केली, त्यानंतर रिठ्याचं पाणी लावलं. रिठे रात्री भिजत घालून सकाळी कुस्करून गाळून घेतले, फेस आला तसा ब्रशने चोळला. रिठ्याने दगडफूल मरत नाही, पण सुटलेला मळ आणि शेवाळ उचललं जातं आणि घासायला हात हलका चालतो. आता पायऱ्यांवर फिकट पांढुरक्या खुणा राहिल्यात. या दगडफुलातून ऑक्झॅलिक आम्ल बाहेर पडतं, दगडातल्या कॅल्शियमशी त्याची गाठ पडली की असा थर उरतो. तो घासून काढायच्या मागे मी लागणार नाही. 

कठड्याचं काम चालू असताना शेजारचे गवंडीकाका डोकावले.

"वहिनी, चिंचेचं पाणी मारा. तांब्याचा हंडा निघतो, दगड का नाही निघणार?"

हा सल्ला आमच्याकडे घरोघरी मिळतो, कोणी चिंच सांगतं, कोणी आमसूल, कोणी लिंबू. शहरातून आलेले व्हिनेगर सांगतात. सगळ्यांचं मूळ एकच, आंबटपणा. वृंदावनाच्या सांध्यातून गळून पडलेला चुन्याचा एक खडा माझ्याजवळ होता. त्यावर व्हिनेगरचा थेंब टाकून काकांना दाखवला. लगेच फसफसून बुडबुडे आले. काकांनी खडा हातात घेतला, स्वतः दुसरा थेंब टाकला, अंगठ्याने दाबून पाहिलं. वरचा भाग पिठासारखा सुटला.

"मग वृंदावनाला नको," काका म्हणाले.

काळ्या दगडावर व्हिनेगर किती चालतं ते मात्र करून पाहिलं. विहिरीपासून दूर, परसात पडलेल्या एका सुट्या काळ्या दगडावर हाताएवढ्या जागेत बाजारातलं चार-पाच टक्क्यांचं व्हिनेगर निम्मं पाणी घालून लावलं. काही दिवसांत पापडी तपकिरी पडून ठिसूळ झाली आणि ओल्या सोडणाने सहज निघाली. म्हणजे उपाय लागू पडतो. तरी मी तो सुट्या, सांधे नसलेल्या काळ्या दगडापुरताच ठेवते, आणि तोही लावल्यावर भरपूर पाण्याने धुऊन. काळ्या दगडाच्या पोकळ्यांतही कधी कधी पांढरा कॅल्साइट भरलेला असतो, त्याला आंबट लागलं की तोही विरघळतो.

एक गोष्ट कळकळीने सांगते. आपल्याकडे विहिरीत टाकायला टीसीएल, म्हणजे ब्लीचिंग पावडर, घरात असतेच. ती आणि व्हिनेगर, लिंबू किंवा चिंचेचं पाणी कधीही एकत्र येऊ देऊ नका, एकापाठोपाठ एकही लावू नका. त्यातून क्लोरीन वायू निघतो आणि तो श्वासात जाणं जिवावर बेतू शकतं. कठडा धुतानाही विहिरीवर ताडपत्री बांधली आणि पाणी बाहेरच्या बाजूने वळवलं.

आता जांभा. इथे माझा हात सगळ्यात आखडता आहे. खाणीतून काढताना जांभा मऊ असतो, हवेवर राहून वरचं कवच कठीण होतं. ते कवच हेच त्याचं संरक्षण. आंबट लावून किंवा खरवडून ते फोडलं तर आतला सच्छिद्र भाग उघडा पडतो आणि दर पावसाळ्यात थोडा थोडा झडत जातो. मीठ आणि खायचा सोडा यांची शिफारस खूप ऐकली, पण जांभ्यावर दोन्ही नकोतच. क्षार छिद्रांत शिरतात, वाळताना त्यांचे स्फटिक होतात, स्फटिक वाढताना दगडाचे पापुद्रे ढकलून काढतात. जोत्याला लागलेला लोणा तरी वेगळं काय करतो? चुलीतल्या राखेच्या पाण्याचंही तेच, तिच्यातही क्षारच असतात. म्हणून जोत्यावर नुसतं पाणी आणि मऊ ब्रश. तेवढ्यानेही धुतलेलं पाणी लालसर दिसायला लागलं तिथे थांबले.

जोत्याच्या ज्या भागाला पूर्वी चुना दिलेला होता तिथे मात्र दिवाळीआधी पुन्हा चुना दिला. दगडफुलाला ओला चुना मानवत नाही, कारण तो तीव्र अल्कधर्मी असतो, आणि जांभ्याशी चुन्याचं जुनं जमतं. कळीचा चुना भिजवताना भांडं तापतं आणि पाणी उसळतं, तेव्हा चष्मा आणि हातमोजे घालूनच. आता तिथली भिंत कोरडी आणि स्वच्छ दिसते.

खरं सांगायचं तर या सगळ्यापेक्षा जास्त फरक पडला तो पन्हळ दुरुस्त केल्याने. ज्या कोपऱ्यात चट्टे सगळ्यात दाट होते, तिथे फुटक्या पन्हळीचं पाणी चार महिने जोत्यावर उडत होतं. पन्हळ बदलली, फणसाची खाली आलेली फांदी उतरवली, तिथे आता सकाळचं ऊन येतं.

गडग्यावरचं, म्हणजे आवाराच्या दगडी कुंपणावरचं, दगडफूल तसंच ठेवलंय. तिथे कोणी घसरत नाही, दगड रचलेले आहेत, सांधा नाही, आणि ते राखाडी-पिवळे चट्टे मला आवडतात. दगडफुलाला गंधकाचा धूर सोसत नाही, त्यामुळे ते जोमाने वाढतंय यात हवा चांगली असल्याची खूणही आहे. घराच्या दगडावरचं खरवडून मसाल्यात टाकायचा विचार मात्र कोणी करू नये. मसाल्यातलं दगडफूल वेगळ्या जातीचं, बहुतेक झाडांच्या सालीवरून गोळा केलेलं असतं.

गावातल्या तरुण मंडळाने देवळाबाहेरचे वीरगळ, म्हणजे लढाईत पडलेल्या वीरांच्या कोरीव स्मारकशिळा, साफ करण्याबद्दल विचारलं. मी नको म्हटलं. झिजलेल्या कोरीवकामात दगडफुलाखालचे कण कधी कधी त्याच्याच आधारावर टिकलेले असतात, ओढून काढलं तर घोड्याचं तोंड किंवा वीराची तलवार त्याच्यासोबत जाते. संरक्षित वास्तू असेल तर १९५८च्या केंद्रीय किंवा १९६०च्या राज्याच्या कायद्याखाली परवानगीशिवाय हात लावताच येत नाही. असंरक्षित असले तरी आधी तिरप्या उन्हात चांगले फोटो काढून ठेवा, भोवतीचं गवत काढा, पाण्याला वाट करून द्या. वीरगळांसाठी तेवढं पुष्कळ आहे.

पुढचं काम: कठड्याच्या वरच्या कडेला तांब्याची जाड तार बसवलीय. पावसाच्या पाण्यासोबत तांब्याचा अंश खाली ओघळतो आणि त्या पट्ट्यात दगडफूल धरत नाही. दगडावर हिरवे डाग किती पडतात, तेही कळेल. तुलनेसाठी कठड्याच्या तार नसलेल्या बाजूचे दोन चट्टे मुद्दाम ठेवलेत. पारदर्शक प्लास्टिक ठेवून त्यांच्या कडा मार्कर पेनाने गिरवून घेतल्या, वर तारीख घातली. पापडीसारखं दगडफूल वर्षाला जेमतेम मिलीमीटरभर सरकतं, म्हणून रेघ बारीक टोकाच्या पेनानेच काढा, जाड रेघेत वर्षाची वाढ बुडून जाते.