काकांचं जाळं

लग्नसराई संपली की माझे दोन्ही कॅमेरे कपाटात जातात, ते दिवाळीनंतरच बाहेर येतात. यंदा भर पावसाळ्यातही ते माझ्या गळ्यात होते. त्याला कारण क्नुट एरिक येन्सेन नावाचा नॉर्वेचा दिग्दर्शक.

पुण्याला एका फिल्म सोसायटीच्या शोमध्ये त्याची २००१ सालची डॉक्युमेंट्री पाहिली. नॉर्वेच्या पार उत्तरेला, फिनमार्कमध्ये, बेर्लेव्होग नावाचं मासेमारीचं गाव आहे. तिथे पुरुषांचं गायनमंडळ आहे, आपल्याकडे भजनी मंडळ असतं तसं. त्यात काही तरुण, काही अगदी म्हातारे. हे लोक भर हिमवादळात उघड्यावर उभे राहून गातात. दाढीमिशांत बर्फ साचतोय, भुवया पांढऱ्या झाल्यात, पण सूर सोडत नाहीत. आणि कॅमेरा त्यांच्या इतक्या जवळ की वाटतं, तोही मंडळातलाच कुणीतरी आहे.

घरी आल्यावर या माणसाबद्दल मिळेल ते वाचलं. १९४० मध्ये तो होनिंग्सव्हॉगला जन्मला. हे गाव मागेरोया बेटावर. १९४४ मध्ये माघार घेताना जर्मन फौजांनी फिनमार्कची गावंच्या गावं जाळली. होनिंग्सव्हॉगमध्ये फक्त चर्च शाबूत उरलं, आणि परतलेल्या लोकांनी आधी त्या चर्चमध्येच आसरा घेतला. येन्सेन तेव्हा चार-पाच वर्षांचा. पुढे बरीच वर्षं त्याने टीव्हीसाठी माहितीपट केले आणि पहिला कथापट आला तो थेट १९९३ मध्ये, पन्नाशी ओलांडल्यावर. त्यातही तेच: उत्तरेचा किनारा, युद्ध, मासेमारीचं गाव. संवाद जवळजवळ नाहीतच. बेटावर जायला समुद्राखालचा सुमारे सात किलोमीटरचा बोगदा १९९९ मध्ये सुरू झाला. त्याच्या लहानपणी बोट हाच रस्ता. ज्याचं लहानपण असं गेलं, तो आपल्या माणसांना प्रश्न कशाला विचारत बसेल? तो नुसता जवळ जाऊन उभा राहतो.

आम्ही भोई. तापीकाठी, सारंगखेड्यापासून जवळच आमची वाडी. दत्तजयंतीला घोडेबाजार भरतो तेव्हा कुठून कुठून कॅमेरे येतात. घोडे नाचवतात, त्यांचे फोटो निघतात, जत्रा उठते. नदीकडे कुणी लेन्स वळवलेली मला आठवत नाही. मीही वळवली नव्हती, आणि माझं तर अख्खं घर तिच्यावर जगलं. मोठा पूर आला की वाडीचा रस्ता पाण्याखाली जातो. मग एक-दोन दिवस आम्हीही बेटावरच असतो. दूध नाही, शाळा नाही.

पुण्याहून आल्याबरोबर शूटिंगला लागलो. ड्रोन उडवला, पहाटेची नदी घेतली, मागे बासरी टाकली. तीन मिनिटांचा व्हिडिओ काकांना मोबाइलवर दाखवला. काका साठीच्या पुढचे, आजही रात्री जाळं टाकून पहाटे काढतात. पाहून झाल्यावर म्हणाले, "गाव ते चांगलं दिसस भो. पन मानसं कोठे शेतस?"

ते शब्द मला फार लागले. इतक्या लग्नांत मी नवरी-नवऱ्याच्या चेहऱ्यावर कॅमेरा धरला, आणि स्वतःच्या काकाचा चेहरा घ्यायचा मला सुचलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी ड्रोन घरीच ठेवला. दुपारी काका ओसरीवर जाळं सांधायला बसले तेव्हा त्यांच्यापासून हातभर अंतरावर बसलो. "आठे काय शे रे शूटिंग कराले?" त्यांनी विचारलं. मी काहीच बोललो नाही. थोड्या वेळाने ते मला विसरले.

जाळ्याचा काठ त्यांनी पायाच्या अंगठ्यात अडकवलेला. उजव्या हातात सुई, डाव्या हाताच्या दोन बोटांवर फासाचं माप. दोरा फिरवायचा, ओढायचा, अंगठ्याच्या नखाने गाठ दाबायची. त्या नखाला मधोमध खाच पडलीय, वर्षानुवर्षं तिथेच दोरा घासून. लहानपणी याच हाताला धरून मी जत्रेला गेलोय, पण ती खाच कधी पाहिली नव्हती. गाठ बसताना 'टच्' असा बारीक आवाज येतो. तो आवाज पकडण्यासाठी मी घरातला पंखासुद्धा बंद करून आलो. सहा मिनिटं शॉट चालू ठेवला. पॅन नाही, झूम नाही. लग्नाच्या कामात सहा सेकंदांवर शॉट टिकत नाही, त्यामुळे दुसऱ्या मिनिटालाच माझा हात शिवशिवायला लागला होता. तरी थांबलो.

संध्याकाळी लॅपटॉपवर काकांना तो शॉट दाखवला, बासरीशिवाय. काकूही चुलीपासून उठून आली. काका सगळी सहा मिनिटं स्क्रीनकडे पाहत बसले, चष्मा सारखा वर सारत. मध्येच त्यांनी स्क्रीनवर बोट टेकवलं आणि मला मागे घ्यायला लावलं. पुन्हा पाहिलं. पुन्हा मागे घ्यायला लावलं.

"ही गाठ ढिली ऱ्हायनी," ते म्हणाले, आणि बॅटरी घेऊन ओसरीवर जाळं शोधायला गेले.