व्हीलचेअरवरून डॉक्युमेंटरी: तुम्ही विचारलंत म्हणून

‘व्हीलचेअरवरून शूट केलं की फ्रेम हलते. लोक बघतील का?’ स्वतःच्या शरीरावर, स्वतःच्या ओळखीवर डॉक्युमेंटरी करू पाहणारे हे हमखास विचारतात. बघतात. सेरेब्रल पाल्सी असलेल्या रीड डेव्हनपोर्टने ‘आय डिडन्ट सी यू देअर’चं बरंचसं चित्रण व्हीलचेअरवरूनच केलं. २०२२ मध्ये त्याला अमेरिकेतल्या सनडान्स चित्रपट महोत्सवात दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला.

फुटपाथची कड चढताना बसलेला हिसका ठेवाच, तो विषयाचाच भाग आहे. घालवायची ती बारीक थरथर. ती पुढच्या छोट्या चाकांतून येते, फरशीचा प्रत्येक सांधा त्यांना लागतो. कॅमेरा धरणारा क्लॅम्प आर्मरेस्टला लावू नका. काढता येणारे आर्मरेस्ट खुळखुळतात. सीटच्या बाजूच्या मुख्य पाइपला तो घट्ट बसवा. त्यावरचा आर्म आखूड हवा, लांब आर्मच्या टोकाला तीच थरथर वाढून येते. लेन्स वाइड, फुल फ्रेम (मोठ्या सेन्सरच्या) कॅमेऱ्यावर २४ मिमीच्या आसपास. सेकंदाला २५ फ्रेम्स असतील तर शटर १/५० सेकंद. त्याहून वेगवान ठेवलंत तर प्रत्येक धक्का डोळ्यांना टोचतो. गिंबल, म्हणजे कॅमेरा स्थिर धरणारा मोटरचा दांडा, थरथर आवरतो, पण वरखाली उसळणं त्याला आवरत नाही. शिवाय हातात ताकद कमी असेल तर त्याचं ओझं फार वेळ पेलवत नाही.

पॉवर चेअरच्या, म्हणजे मोटरवर चालणाऱ्या व्हीलचेअरच्या, बॅटरीवर कॅमेरा चालवायचा मोह टाळा. बहुतेक चेअरमध्ये १२ व्होल्टच्या दोन बॅटऱ्या जोडून २४ व्होल्ट मिळतात. एकीवरूनच वायर काढली तर ती आधी उतरते, जोडी बिघडते आणि तुम्ही रस्त्यात अडकता. वेगळी पॉवर बँक घ्या. मोटरची घरघर पाइपमधून कॅमेऱ्याच्या माइकपर्यंत पोचते, म्हणून कॉलर माइक लावा आणि रेकॉर्डर खिशात ठेवा.

राहिली उंची. बसलेल्या माणसाचे डोळे जमिनीपासून साधारण ११५-१२० सेंटिमीटरवर असतात. कॅमेरा वर घ्या असं सांगणारे भेटतील. आमचं मत, घेऊ नका. जग तुम्हाला जिथून दिसतं ती जागा हीच. ठरवलेल्या मुलाखतीत समोरच्याला खुर्ची द्या. पण दुकानात कोणी तुम्हाला सोडून सोबतच्या माणसालाच ‘यांना काय हवंय?’ विचारत असेल, तर लेन्स त्याच्या चेहऱ्याकडे वळवू नका. फ्रेममध्ये शर्टाची बटणं येऊ द्या, रेकॉर्डिंग चालू ठेवा. चेहरा नसला तरी आवाज त्याचा आहे, तेव्हा संमतीपत्रावर सही मात्र तिथेच घ्या.